चांगुणाची गिरकी

हसनाबादेत गोपिकाबाईच्या रागाला सगळेच वचकून असतात. ती दुकानात शिरली की किराणावाला तागडीवरचं बोट आधी काढून घेतो. एसटीचा कंडक्टर तिच्या परातीला स्वतः जागा करून देतो. तिचा नवरा सांडू हयात होता तेव्हा एकदा पारावर म्हणाला होता, की आमच्या घरी चूल पेटवायला काडी लागत नाही, बायकोला नुसतं नावानं हाक मारली तरी भागतं. हे तिच्या कानावर गेलं. त्यानंतर तो पारावर बसायचा, पण शेतीपाण्याशिवाय दुसरं काही बोलायचा नाही.

फटकळ, तिरसट, खाष्ट, लोकांनी तिला हवी ती नावं ठेवली. पण ती चिडते कशावर, हे कुणी बसून बघितलं नाही. बघितलं असतं तर कळलं असतं की तिचा राग भलतीकडे जात नाही. उपाशीपोटी कामाला जुंपलेलं माणूस तिला बघवत नाही, एवढीच गोष्ट आहे. बाकीची भांडणं त्याच भांडणाची पिल्लं.

ती भाकरी थापायला जाते. लग्न, बारसं, तेरावं, सप्त्याची पंगत, कुठंही. जालन्याचा रामप्रसाद केटरर फोन करतो आणि ही आपल्या बायका घेऊन निघते. तिची अट एकच, भट्टीवरच्या माणसांनी आधी खायचं, मग पंगत बसायची. देवाचा नैवेद्य बाजूला काढा, त्याला तिची ना नाही, पण तिच्या बायका जेवल्याशिवाय तव्यावर पंगतीची भाकरी पडत नाही. एका लग्नात मुलीच्या मामाने तोंड वाकडं केलं. "आजून वरमाय उपाशी हाये अन् तुमच्या बाया जेवून राह्यल्या?" गोपिकाबाईने चुलीतली लाकडं ओढून काढली, तवा उतरवला आणि म्हणाली, "मंग वरमायलाच बोलवा थापायला." मामा गेला तो जेवणं उरकेपर्यंत मांडवात दिसला नाही.

तर अशा बाईला रामप्रसादने गेल्या हिवाळ्यात जालन्याला बोलावलं. लग्न नव्हतं. रेल्वेलाइनच्या पलीकडे एक बंद पडलेली कापसाची जिनिंग आहे, तिच्या शेडमध्ये कसलंसं प्रदर्शन होतं. पुण्यामुंबईचे पाहुणे येणार, त्यांना गावरान जेवण पाहिजे, पिठलं, ठेचा आणि चुलीवरची भाकरी.

प्रदर्शन मोनिकाचं होतं. मोनिका म्हणजे राजूरच्या एका मोठ्या शेतीवाल्या घरातली मुलगी. आईवडील आता जालन्यात असतात, ही चित्रकला शिकायला बाहेर गेली आणि दोन वर्षं परदेशात राहून आली. काम असं करते, की जुन्या फिल्मा शोधायच्या, त्यांतले नाचणाऱ्या माणसांचे तुकडे कापून घ्यायचे, ते हळू करायचे, रंगवायचे, एकावर एक चढवायचे आणि अंधाऱ्या जागी भिंतीवर सोडायचे. त्याला व्हिडिओ आर्ट म्हणतात. म्हणू द्यात. पोरगी मात्र स्वभावाने वाईट नव्हती. आल्या आल्या तिने "मावशी, चहा घेतला का?" असं विचारलं आणि उत्तर ऐकायला थांबलीसुद्धा. एवढं हल्ली कोण करतं.

बिनसलं ते चुलीवरून. गोपिकाबाईने चूल शेडच्या मागे, वारा अडतो अशा जागी मांडली होती. मोनिका म्हणाली, "मावशी, चूल इकडे दारातच मांडू या ना. पाहुण्यांना भाकरी थापताना बघायला आवडेल."

"भाकर खायाची असती. बघायची काहून?"

"त्यांनी कधी बघितली नसते हो."

गोपिकाबाईच्या जिभेवर चांगलं खरमरीत उत्तर आलं होतं, पण रामप्रसादने मागून हात जोडले आणि तिने ते गिळलं. चूल दारात आली. धूर डोळ्यांत जायला लागला. तिने आपल्या बायकांना पिठलं-भाकरी वाढली, स्वतः उभ्याउभ्या अर्धी भाकरी खाल्ली आणि पीठ मळायला घेतलं.

दिवेलागणीला पाहुणे आले. शेडमधले दिवे मालवले. समोरच्या पांढऱ्या भिंतीवर उजेड पडला आणि मोनिका माईक घेऊन बोलू लागली. गोपिकाबाईचं तिकडे लक्ष नव्हतं. दारातल्या वाऱ्याने जाळ एका अंगाला पळत होता आणि भाकरी एकीकडून करपत होती. भाषणातले शब्द तेवढे कानावर पडत होते. जुनी, विस्मरणात गेलेली फिल्म. अनाम ग्रामीण नर्तकी. स्त्रीच्या देहातला मुक्त आनंद. एकमेकींची मनगटं धरून उभं राहिलेलं बायकांचं नातं. मोनिका म्हणाली की या कामाचं नाव आहे 'गिरकी', आणि टाळ्या पडल्या.

तव्यावरची भाकरी उलटून गोपिकाबाईने कपाळावरचा घाम पुसायला मान वर केली.

भिंतीवर एक मुलगी होती. भिंतीएवढी उंच. मूळ चित्र काळंपांढरं असणार, पण त्यावर जांभळट रंग चढवला होता. अंगात ठिगळाचं लुगडं, पायात काही नाही, मागे बायकांचा फेर. ती सावकाश, पाण्याखाली असल्यासारखी वळत होती. एक हात वर गेला, मान मागे कलली, डोळे मिटत आले, कंबर वाकली, लुगड्याचा घेर फुलला. आणि गिरकी पुरी होणार इतक्यात चित्र पुन्हा पहिल्यापासून सुरू झालं. हात वर गेला, मान मागे कलली. मागे तंबोऱ्यासारखा एक सूर लावून ठेवला होता.

आधी गोपिकाबाईने कोपर ओळखलं. त्या मुलीचा पदर सरकला आणि तिने तो बोटांनी नाही, कोपराने वर लोटला. असा पदर आयुष्यात एकाच बाईने सावरलेला तिने बघितला होता, कारण त्या दिवसांत त्या बाईच्या तळहातांना खडी फोडून फोड आलेले होते. मग तिने तोंड बघितलं.

ती चांगुणा होती. तिची थोरली बहीण.

चांगुणाचा फोटो कुणाकडेच नव्हता. त्या वेळी धनगराच्या वस्तीवर फोटो कोण काढणार? पुढे लग्न होऊन ती कुंभार पिंपळगावला गेली आणि दुसऱ्या बाळंतपणात वारली. पन्नासएक वर्षांत गोपिकाबाई तिचं तोंड विसरत गेली होती. आठवायला बसलं की हात आठवायचे, चाल आठवायची, ओरडणं आठवायचं, पण हनुवटीच्या वर सगळं धुरकट. त्याचा तिला स्वतःचाच संताप यायचा. आणि आता तेच तोंड समोर होतं, नाकाशेजारच्या तिळासकट. तिचा जीव इतका भरून आला की क्षणभर तिला राग आलाच नाही. मग चित्र पुन्हा पहिल्यापासून सुरू झालं, हात वर गेला, मान मागे कलली, आणि आपण काय बघतो आहोत हे तिच्या ध्यानात आलं.

त्र्याहत्तरचा उन्हाळा होता. बापाची मेंढरं आधीच्या वर्षात काही मेली, काही मातीमोल गेली. सगळं घर दुष्काळी कामावर खडी फोडायला. गोपिका नऊ-दहा वर्षांची, ती टोपल्या उचलायची. दुपारी कामावरच्या लोकांना सुकडी मिळायची, गूळ घातलेलं भाजलेलं पीठ, मूठभर. त्या दिवशी चांगुणाने आपली सुकडी गोपिकाच्या ओच्यात ओतली. "मला मळमळून राह्यलंय. खा तू." आदल्या दिवशीही तिला असंच मळमळलं होतं, आणि त्याच्या आदल्याही.

तेवढ्यात जीप आली. टोपीवाले साहेब उतरले, तिकाटणं उभं केलं, त्यावर यंत्र बसवलं. एवढ्या दुष्काळातही लोक कसे हिंमत धरून, हसतखेळत राहतात, हे त्यांना फिल्म काढून शहरात दाखवायचं होतं. मुकादमाने बायकांना हाळी दिली, "हातोडे ठिवा. फेर धरा."

बायका एकमेकींकडे बघत राहिल्या. फेर धरायचा तो पंचमीला, श्रावणात, माहेरी आल्यावर. भर चैत्रात, खडीच्या ढिगाशेजारी कुणी फेर धरतं? एका म्हातारीने तसं म्हणूनही दाखवलं. मुकादम म्हणाला, "न्हाई धरला तर आज हजेरी न्हाई कुनाची."

मग धरला. तळहातांना फोड, हातात हात घेतला तर डोळ्यांतून पाणी यायचं, म्हणून बायकांनी मनगटं धरली. गाणं सुरू झालं. मुकादम यंत्रामागे उभा राहून ओठ फाकून दाखवत होता, हसा, हसा. बायका हसल्या. चांगुणा चांगली नाचते हे मुकादमाला कुणीतरी सांगितलं, त्याने तिला मधे काढलं. ती दोनदा वळली. तिसऱ्यांदा तिने हात वर केला तो नाचासाठी नाही, कशाला तरी धरायला वर केला, आणि धरायला तिथं काही नव्हतं.

ही ती गिरकी. स्त्रीच्या देहातला मुक्त आनंद!

गोपिकाबाई चुलीपुढून उठली. हात कोपरापर्यंत पिठाचे. रामप्रसाद आडवा आला, त्याच्या शर्टावर पाच बोटं उमटली आणि तो बाजूला झाला. ताटं मांडून बसलेल्या पाहुण्यांच्या मधून ती सरळ भिंतीशी गेली आणि वळली. प्रोजेक्टरचा उजेड तिच्या तोंडावर पडला. चांगुणाचा वर गेलेला हात तिच्या कपाळावर आला.

"कोन हाये ही?" तिने विचारलं.

पाहुण्यांना वाटलं, हाही कार्यक्रमाचाच भाग. एक बाई कौतुकाने हसली. मोनिका पुढे आली. "मावशी, नाव माहीत नाही तिचं. फिल्मवर नोंद नव्हती. म्हणून तर मी..."

"चांगुणा. मपली बहीन. अन् ती नाचून न्हाई राह्यली, ती चक्कर येऊन पडून राह्यली. उपाशी हाये ती. तीन दिवसाची उपाशी!"

तंबोऱ्याचा सूर तेवढा चालू होता. चांगुणा पुन्हा वळली.

"आधी ते रडगाणं बंद कर," गोपिकाबाई म्हणाली. मोनिकाने सूर बंद केला. चित्र मात्र चालूच राहिलं.

"मावशी, मला खरंच माहीत नव्हतं."

"माहीत न्हाई तर आनंद कुठून आनला? तिच्या तोंडावर लिहिलाय? मनगटाचं नातं म्हने! हाताला फोड व्हते आमच्या बायांच्या. मुकादम म्हनला हसा, हसल्या. त्यानं एकदा नाचवली उपाशीपोटी. तू तर थांबूच देईना तिला. कधीपासून फिरवून राह्यली?"

मोनिकाचाही चेहरा लाल झाला. ती काही मुळूमुळू रडणारी नव्हती. "मला हसणाऱ्या बायका पाहिजे होत्या, मावशी. आपल्याकडच्या बायकांच्या जुन्या फिल्मा काढा, सगळीकडे रडणाऱ्या, डोक्यावर हंडे घेतलेल्या. माझ्या आजीला घरातल्यांनी उभ्या जन्मात पंचमीचा फेर धरू दिला नाही, मोठ्या घरची सून म्हणून. मला वाटलं, ह्या तरी नाचल्या. कुणीतरी नाचलं."

हे गोपिकाबाईला लागलं. लागलं म्हणूनच ती आणखी चिडली, कारण समोरच्याचं थोडंफार खरं असलं की भांडण नीट करता येत नाही.

"तुझ्या आजीची हौस मपल्या बहिनीवर काहून फेडती? नाचायची ना चांगुणा. पंचमीला असं नाचायची की पोरी फेर सोडून बघत राह्यच्या. तवा न्हाई आले कुनी यंत्र घेऊन. आले ते ती मरायला टेकली तवा आले!" तिचा आवाज चिरकला. तिने तो खाकरून सरळ केला. "म्होरचं कुठं हाये? पडली ती. पडलेली कुठं गेली?"

मोनिका जरा घुटमळली. "पुढचं आहे. मी कापलं ते."

"काहून?"

"पुढे ती फ्रेमच्या बाहेर जाते. म्हणजे... खाली जाते. आणि एक लहान मुलगी मधेच धावत येते कॅमेऱ्यासमोर. सगळं दृश्य बिघडतं. मला वाटलं, चुकून आली असेल."

"चुकून न्हाई," गोपिकाबाई म्हणाली. "ती पोरगी मी हाये."

आता मात्र कुणी हसलं नाही. ताटातल्या हाताचं काय करावं हे पाहुण्यांना कळेना. भिंतीवर चांगुणाचा हात वर जात होता, मान कलत होती, आणि गोपिकाबाई पाठमोरी असूनही तिला प्रत्येक वेळी ते कळत असावं, कारण प्रत्येक वेळी तिचे खांदे थोडे आवळत होते. असं पन्नास वर्षं अधांतरी ठेवायचं माणसाला? धड उभी नाही, धड पडलेली नाही?

"लाव म्होरचं," ती म्हणाली. "तिला पडू दे. खाली मी हाये."

मोनिका लॅपटॉपपाशी गेली. दोनदा तिने चुकीचं काहीतरी उघडलं. मग विचारलं, "मावशी, तिचं नाव लिहिते. आणि हे पुढचं जोडून दाखवू का मी यापुढे?"

"दाखव. पन हे असं पुन्यांदा पुन्यांदा न्हाई. एकदाच पडली व्हती ती. एकदाच दाखव."

भिंतीवरचा जांभळा रंग गेला. काळंपांढरं, ओरखडे पडलेलं चित्र आलं, हळू केलेलं नाही, आहे त्या वेगाचं. त्या वेगात ते लगेच कळत होतं. लहान मुलालाही कळलं असतं. मधे काढलेली ती पोरगी दोनदा वळली, तिसऱ्यांदा तिचा हात हवेत काहीतरी शोधायला गेला, आणि ती कोसळली.

डावीकडून एक झिपरी पोर धावत आली. ती चांगुणाच्या खाली जवळजवळ आडवीच पडली, म्हणून बहिणीचं डोकं खडीवर आपटलं नाही, तिच्या पोटावर पडलं. मागच्या बायका थबकल्या. चित्राच्या कडेला एक हात दिसला, मुकादमाचा, फिरा फिरा असं सांगणारा. बायका पुन्हा फिरू लागल्या. ओठ फाकलेले, डोळे खाली जमिनीवरच्या दोघींवर. पाहुण्यांतली ती मघा हसलेली बाई तोंडावर हात धरून बसली होती.

यापुढचं गोपिकाबाईला पाठ होतं. तिने उठून खडीचा एक धोंडा उचलला होता आणि त्या यंत्रावर भिरकावला होता. लगेच मुकादमाने बकोटीला धरून तिला मागे फरफटत नेलं. काय झालं ते तिला दिसलंच नाही. बापाने सगळ्यांदेखत मुस्काटात दिली, घरादाराची त्या दिवसाची हजेरी बुडाली, आणि सगळे म्हणाले, नशीब, हुकला, नाहीतर पोरीला साहेबांनी धरूनच नेलं असतं. संध्याकाळी पालात पडल्या पडल्या चांगुणाने हळूच विचारलं होतं, "लागला का गं?"

"न्हाई अक्का. हुकला म्हने."

"पुढल्या टायमाला नेम धर नीट," चांगुणा म्हणाली होती, आणि अंगात त्राण नसताना खुदुखुदु हसली होती.

पुढली वेळ तशी आली नाही. साहेब पुन्हा आले नाहीत, चांगुणा सासरी गेली आणि तिकडेच संपली. गोपिकाबाई मात्र जन्मभर जो दिसेल त्याच्यावर नेम धरत राहिली, मुलीच्या मामावर, कंडक्टरवर, किराणावाल्यावर, बिचाऱ्या सांडूवर.

भिंतीवरची झिपरी पोर उठली. तिने बहिणीचं डोकं अलगद खाली ठेवलं, वरून पदर घातला. मग सरळ पाहुण्यांकडे बघितलं. त्या एवढ्याशा तोंडावर जो राग होता तो बघून रामप्रसाद दारात उभ्याउभ्या दोन पावलं मागे सरकला. पोरीने वाकून धोंडा उचलला, हात मागे नेला आणि फेकला. धोंडा मोठा होत, मोठा होत समोर आला. सगळं चित्र एकदम हादरलं. माळरान तिरपं झालं, बायकांचे नुसते पाय दिसले, मग आभाळ, मग नुसती पांढरी भिंत.

मोनिकाने मशीन बंद केलं, पुन्हा सुरू होऊ नये म्हणून वायरही उपटून टाकली.

गोपिकाबाई त्या पांढऱ्या भिंतीपुढे उभी होती. पोरीने पुन्हा धोंडा उचलू नये म्हणून हुकला म्हणाले होते तर सगळे. पिठाच्या हातांनी तिने डोळे पुसले, त्याने तोंड आणखीच माखलं. मग ती हसली. तिच्याबरोबर आलेल्या बायकांनी तिला इतक्या वर्षांत असं खुदुखुदु हसताना कधी बघितलं नव्हतं.

"लागला व्हता गं, अक्का," ती भिंतीला म्हणाली. "बराबर लागला व्हता."